बदलीनंतर कंपनीचे क्वार्टर: ताबा, दंडाचे भाडे आणि फौजदारी तक्रार

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. आपण खासगी क्षेत्रातील एका पब्लिक लिमिटेड कंपनीत नोकरी करता आणि गेली नऊ वर्षे कारखान्याच्या वसाहतीतील क्वार्टरमध्ये राहता. कंपनीने आपली बदली दुसऱ्या राज्यातील कारखान्यात केली. आपण तेथे रुजू झालात, परंतु मुलगी दहावीत असल्यामुळे कुटुंब जुन्याच क्वार्टरमध्ये राहिले आहे. बदली आकसाने झाली असे आपले म्हणणे आहे आणि तिला आव्हान देण्याचा आपला विचार आहे. दरम्यान कंपनीने 30 दिवसांत क्वार्टर रिकामे करण्याची नोटीस पाठवली असून, तसे न केल्यास बाजारभावाने दंडाचे भाडे पगारातून कापण्याचा आणि फौजदारी तक्रार दाखल करण्याचा इशारा दिला आहे. वसाहतीच्या सुरक्षा अधिकाऱ्याने वीज आणि पाणी तोडण्याची भाषाही तोंडी केली आहे. यांपैकी कंपनीला काय करता येते आणि काय करता येत नाही, हे आपल्याला जाणून घ्यायचे आहे.

अशा वादांत मी कंपन्यांच्या वतीनेही उभा राहिलो आहे आणि कर्मचाऱ्यांच्या वतीनेही. त्यामुळे आपल्याला आवडेल असे उत्तर देण्यापेक्षा न्यायालयात जे टिकते तेच सांगतो.

पहिली गोष्ट अशी की बदलीचे भांडण आणि घराचे भांडण ही दोन निरनिराळी भांडणे आहेत. एकात जिंकण्याची आशा आहे म्हणून दुसऱ्यात वेळ काढता येईल, असा हिशेब बहुतेक कर्मचारी मनाशी करतात आणि तेथेच त्यांचे नुकसान होते. बदली हा नोकरीचाच एक भाग आहे, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने सातत्याने घेतली आहे. 1989 मधील गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात न्यायालयाने असे म्हटले की, बदलीविरुद्ध निवेदन दिले आहे एवढ्या कारणावरून कर्मचाऱ्याला बदलीच्या ठिकाणी जाण्याचे टाळता येत नाही. आदेश रद्द झालेला नसेल किंवा त्याला स्थगिती मिळालेली नसेल, तर तो पाळावाच लागतो. शिल्पी बोस प्रकरणात 1991 मध्ये न्यायालयाने स्पष्ट केले की बदली दुष्ट हेतूने केलेली असेल किंवा तिने वैधानिक नियमांचा भंग होत असेल, तरच तीत हस्तक्षेप करावा. आपण ‘कामगार’ या व्याख्येत बसत असाल, तर महाराष्ट्राच्या 1971 च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायद्यात यासाठी नेमकी तरतूद आहे. व्यवस्थापकीय धोरणाच्या आडून आकसाने केलेली बदली ही त्या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीतील एक अनुचित प्रथा असून, तिच्याविरुद्ध 90 दिवसांच्या आत औद्योगिक न्यायालयात तक्रार करता येते आणि अंतरिम स्थगितीही मागता येते. मात्र आपले काम व्यवस्थापकीय स्वरूपाचे असेल तर हा मार्ग आपल्यासाठी बंद आहे. पदनाम काहीही असो, प्रत्यक्ष काम काय होते हे न्यायालय पाहते.

आता यातील अडचण लक्षात घ्या. आपण बदलीच्या ठिकाणी रुजू झाला आहात. ते योग्यच केलेत, कारण तसे केले नसते तर गैरहजेरीची चौकशी सुरू झाली असती. परंतु रुजू झाल्यानंतर बदलीला स्थगिती मिळणे अवघड होते, आणि स्थगिती नसताना जुन्या ठिकाणचे क्वार्टर ठेवण्याला कोणताही आधार उरत नाही. तक्रार प्रलंबित आहे, ही गोष्ट क्वार्टर न सोडण्याचे कायदेशीर कारण ठरत नाही. पुढे ती तक्रार मंजूर झालीच, तर न्यायालय आपल्याला जुन्या ठिकाणी परत आणण्याचा आदेश देईल आणि त्या वेळी क्वार्टर पुन्हा मागता येईल. तोवर ते धरून ठेवण्याचा हक्क त्यातून निर्माण होत नाही.

घराच्या भांडणात सर्वांत आधी पाहायचा कागद म्हणजे वाटपपत्र, ज्याला वसाहतीत सगळे अलॉटमेंट लेटर म्हणतात. नऊ वर्षांपूर्वी ते हातात पडले तेव्हा आपण ते वाचले नसेल. तसे ते कोणीच वाचत नाही. त्यात बहुधा असे लिहिलेले असते की निवास नोकरीच्या सोयीसाठी दिला आहे, त्यातून भाडेकरूचे कोणतेही हक्क निर्माण होणार नाहीत आणि राजीनामा, निवृत्ती, बडतर्फी किंवा बदली झाल्यास अमुक दिवसांत जागा सोडावी लागेल. ‘बदली’ हा शब्द तेथे आहे की नाही, हे पहिल्यांदा पाहा. काही कंपन्यांच्या जुन्या पत्रांत फक्त ‘नोकरी संपल्यावर’ एवढेच शब्द असतात. तसे असेल तर आपली नोकरी संपलेली नसल्यामुळे युक्तिवादाला थोडी जागा मिळते. तरीही निवासाच्या नियमावलीत, स्थायी आदेशांत (म्हणजे कारखान्यातील नोकरीच्या अटींच्या लेखी नियमांत) किंवा एखाद्या परिपत्रकात बदलीचा उल्लेख सापडण्याची शक्यता पुष्कळ असते आणि तो सापडला की ही जागा संपते.

कायद्याच्या भाषेत अशा ताब्याला परवाना म्हणतात, भाडेपट्टा नव्हे. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, 1882 च्या कलम 52 मध्ये परवान्याची व्याख्या आहे आणि कलम 62 मध्ये तो केव्हा संपुष्टात येतो हे दिले आहे. त्यातच असे नमूद आहे की एखाद्या व्यक्तीला विशिष्ट पद किंवा नोकरी धारण करते म्हणून परवाना दिला असेल आणि ते पद किंवा ती नोकरी उरली नाही, तर परवानाही उरत नाही. एवढे सांगितल्यावर बहुतेक जण म्हणतात की आमच्या पगारातून दरमहा घरभाडे कापले जाते, मग आम्ही भाडेकरू कसे नाही? असोसिएटेड हॉटेल्स प्रकरणात 1959 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जी कसोटी घालून दिली, ती आजही लागू आहे. कागदाला काय नाव दिले आहे यापेक्षा पक्षांचा खरा हेतू काय होता, जागेत हितसंबंध निर्माण करायचा होता की केवळ वापराची मुभा द्यायची होती, हे न्यायालय पाहते. वसाहतीतील क्वार्टरचे कापले जाणारे शुल्क नाममात्र असते, ते पगाराच्या पावतीत दिसते आणि क्वार्टर मिळाल्यावर घरभाडे भत्ता बंद होतो. या तिन्ही गोष्टी परवान्याकडेच बोट दाखवतात.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 ची ढाल पुढे करण्याचा मोह येथे होतो. परंतु त्या कायद्यातील परवानाधारकाच्या व्याख्येतून परवाना देणाऱ्याच्या नोकरीत असलेली व्यक्ती मुद्दाम वगळलेली आहे. 1 फेब्रुवारी 1973 रोजी ताब्यात असलेल्या परवानाधारकांना जुन्या मुंबई भाडे कायद्याने जे संरक्षण दिले, तेही याच वगळणुकीमुळे कंपनीच्या क्वार्टरमध्ये राहणाऱ्यांना मिळू शकले नाही. नव्या कायद्याच्या कलम 22 मध्ये नोकरीच्या काळापुरता भाडेकरार लेखी करण्याची सोय आहे खरी. पण तिचा उद्देश मालकाला ताबा लवकर परत मिळावा हाच आहे. ‘इतकी वर्षे राहिलो’ हा मुद्दा तर आणखी दुबळा. 2012 मधील गोव्यातील मारिया मार्गारिडा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्ध शब्दांत सांगितले की राखणदार, काळजीवाहू किंवा नोकर कितीही वर्षे ताब्यात असला तरी त्याला त्या जागेत हक्क मिळत नाही.

आता ज्या इशाऱ्याने आपली झोप उडाली आहे, त्या फौजदारी तक्रारीकडे वळतो. हा इशारा पोकळ नाही. कंपनी अधिनियम, 2013 चे कलम 452 असे सांगते की कंपनीच्या अधिकाऱ्याने किंवा कर्मचाऱ्याने कंपनीची मालमत्ता गैरमार्गाने मिळवली, किंवा आपल्याकडे असलेली मालमत्ता गैररीत्या अडकवून ठेवली, तर त्याला किमान 1 लाख आणि कमाल 5 लाख रुपये दंड होऊ शकतो. 1956 च्या जुन्या कायद्यातील कलम 630 मध्ये दंडाची रक्कम क्षुल्लक होती, तेव्हा लोक या कलमाकडे फारसे गांभीर्याने पाहत नसत. खरी धार मात्र दंडात नसून पोटकलम 2 मध्ये आहे. न्यायालय ठरावीक मुदतीत मालमत्ता परत करण्याचा आदेश देऊ शकते आणि तो न पाळल्यास दोन वर्षांपर्यंत कारावास होऊ शकतो. म्हणजे दिवाणी दाव्यात वर्षानुवर्षे चालणारे काम फौजदारी न्यायालयाकडून करून घेण्याची सोय कायद्यानेच कंपन्यांना दिलेली आहे. माझ्या मते ही सोय विषम आहे, कारण शाळा, विश्वस्त संस्था, सहकारी संस्था किंवा भागीदारी पेढी यांना अशाच वादात हे हत्यार उपलब्ध नसते. ते केवळ कंपनीच्या हातात असते. पण कायदा तसाच आहे आणि न्यायालयांनी त्याचा अर्थ अरुंद करण्याऐवजी रुंदच केला आहे.

या कलमाच्या आवाक्याबद्दल तीन प्रश्न वारंवार येतात. नोकरी सोडलेल्या माणसाला ‘कर्मचारी’ म्हणता येईल का, या प्रश्नाला बलदेव कृष्ण साही विरुद्ध शिपिंग कॉर्पोरेशन या प्रकरणात 1987 मध्ये होकारार्थी उत्तर मिळाले. आपण तर अजून नोकरीतच आहात, त्यामुळे हा प्रश्न आपल्यापुरता उद्भवतच नाही. कुटुंबीयांचे काय, हा दुसरा प्रश्न आपल्याला थेट लागू होतो, कारण प्रत्यक्ष ताबा आपल्या पत्नीकडे आहे. 1995 मध्ये अभिलाष जैन विरुद्ध कॉक्स अँड किंग्ज आणि 2003 मध्ये ललिता जालान विरुद्ध बॉम्बे गॅस या निकालांनी हे स्पष्ट केले की कर्मचाऱ्यामार्फत राहणारे वारस आणि कुटुंबीयही या कलमाच्या कक्षेत येतात. तेव्हा ‘मी तेथे राहतच नाही, पत्नी राहते’ असे उत्तर नोटिशीला देऊ नका. त्याने आपण सुटत नाही आणि पत्नीही आरोपी होण्याची शक्यता वाढते. तिसरा प्रश्न मुदतीचा. केवळ दंडाची शिक्षा असलेल्या गुन्ह्याची तक्रार सहा महिन्यांत करावी लागते, म्हणून तेवढे दिवस निघून गेले की सुटलो, असे काहींना वाटते. गोकाक पटेल वोल्कार्ट प्रकरणात 1991 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा गुन्हा सतत चालू राहणारा आहे असे ठरवले, म्हणजे ताबा चालू असेपर्यंत रोज नव्याने मुदत सुरू होते.

मग बचाव काहीच नाही का? आहे, पण तो खरा असावा लागतो. जागेच्या हक्काबद्दल प्रामाणिक वाद असेल तर फौजदारी न्यायालय तो सोडवत बसत नाही आणि पक्षकारांना दिवाणी न्यायालयाकडे पाठवते. ‘प्रामाणिक’ या शब्दावर मात्र भर आहे. अतुल माथुर विरुद्ध अतुल कालरा या प्रकरणात कर्मचाऱ्याने स्वतःच्या भाडेकरूपणाचा दावा दिवाणी न्यायालयात लावला होता. सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये ठरवले की दावा लावला म्हणून वाद प्रामाणिक होत नाही, कागदपत्रांवरून तो तसा दिसला पाहिजे. नोटीस आल्यानंतर घाईघाईने दिवाणी दावा ठोकून फौजदारी तक्रार थोपवण्याचा सल्ला आपल्याला कोणी देत असेल, तर हा निकाल त्याच्यासमोर ठेवा. दुसरा आधार तुलनेने नवा आहे. 2020 च्या दुरुस्तीने कलम 452 ला असे परंतुक, म्हणजे अपवाद सांगणारी पुरवणी, जोडले गेले की, कंपनीने भविष्य निर्वाह निधी, निवृत्तिवेतन निधी, ग्रॅच्युइटी निधी किंवा अशाच कल्याण निधीतील देणे, अथवा मृत्यू वा अपंगत्वाची भरपाई दिलेली नसेल, तर निवासी जागेच्या बाबतीत कारावासाचा आदेश देता येणार नाही. निवृत्त माणसाला याचा उपयोग मोठा आहे. आपल्यासारख्या नोकरीत असलेल्या माणसाची अशी थकबाकी सहसा नसते, म्हणून त्यावर विसंबू नका.

आपल्या बाजूने एक सूक्ष्म मुद्दा मला दिसतो. कलमातील शब्द ‘गैररीत्या अडकवून ठेवणे’ असा आहे. बदलीनंतर काही महिने कंपनीने नेहमीचेच शुल्क कापले, हरकत घेतली नाही आणि मुदतवाढीच्या अर्जावर उत्तर दिले नाही, तर तेवढ्या काळातील ताबा गैर होता असे म्हणणे कंपनीला जड जाते. हा मुद्दा मागचा काळ झाकण्यापुरता कामाचा आहे. नोटीस मिळाल्यानंतरच्या काळाला तो लागू होत नाही. शिवाय सुविधाधिकार अधिनियमाचे कलम 63 परवाना मागे घेतल्यावर जागा सोडण्यासाठी आणि सामान हलवण्यासाठी वाजवी वेळ देते. सामानसुमानासह एका कुटुंबाला दुसऱ्या राज्यात जायचे आहे, एवढे लक्षात घेतले तरी 30 दिवस ही मुदत अवाजवी नाही, असेच न्यायालय म्हणेल असा माझा अंदाज आहे. मुलीची दहावी ही सहानुभूतीची बाब आहे, हक्काची नव्हे. पण न्यायालयात सहानुभूतीलाही मोल असते. त्याबद्दल पुढे लिहितो.

पैशांच्या बाबतीत कंपनीची बाजू ताब्याच्या बाबतीत आहे तितकी भक्कम नाही. दंडाचे भाडे आकारायला नियमावलीत किंवा वाटपपत्रात तशी तरतूद असावी लागते. ती असली तरी खासगी करारातील दंडाच्या रकमेवर करार अधिनियमाच्या कलम 74 ची मर्यादा येते, म्हणजे लिहिलेला आकडा आपोआप वसूल होत नाही, वाजवी भरपाईच मिळते. तरतूदच नसेल तर कंपनीला त्या भागातील प्रचलित दर पुराव्याने सिद्ध करून दाव्यात नुकसानभरपाई मागावी लागेल. कारखान्याच्या वसाहतीतील क्वार्टरला शहरातील फ्लॅटचा दर लावणे कितपत रास्त आहे, यावर तेथे चांगलीच उलटतपासणी घेता येते.

पगारातून कपात करण्याचा विषय वेगळा आहे. जुन्या वेतन प्रदान कायद्यात आणि आता त्याच्या जागी आलेल्या वेतन संहिता, 2019 च्या कलम 18 मध्ये, मालकाने पुरवलेल्या निवासाबद्दल कपात करण्याची परवानगी आहे. परंतु एकूण कपात त्या वेतनकाळातील वेतनाच्या 50 टक्क्यांपेक्षा जास्त असू शकत नाही. ‘निवासाबद्दलची कपात’ म्हणजे निवासाचे मूल्य. निवास परत न केल्याबद्दलचा दंड त्यात बसतो का, हा वादाचा मुद्दा आहे आणि तो लेखी हरकतीने जिवंत ठेवला पाहिजे. पहिल्याच महिन्याच्या कपातीला हरकत घ्या. वर्षभर मुकाट्याने कपात सोसून नंतर तक्रार केली की समोरचा वकील पहिला प्रश्न त्यावरच विचारतो.

ग्रॅच्युइटीचा प्रश्न आपण विचारलेला नाही, पण थकलेले दंडाचे भाडे शेवटी तेथे जाऊन पोहोचते, म्हणून सांगतो. ग्रॅच्युइटी जप्त करता येत नाही आणि ठरावीक कारणांशिवाय रोखता येत नाही, ही कायद्यातील सर्वसाधारण भूमिका. तरीही ओएनजीसी विरुद्ध वॉरियर या प्रकरणात 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुदतीपलीकडे ठेवलेल्या क्वार्टरचे दंडाचे भाडे ग्रॅच्युइटीतून वसूल करण्यास मान्यता दिली, आणि 2020 मध्ये स्टील अथॉरिटीच्या एका प्रकरणातही न्यायालयाचा कल तसाच राहिला. त्या प्रकरणांना त्या संस्थांच्या नियमांची पार्श्वभूमी होती, त्यामुळे प्रत्येक खासगी कंपनीला ते निकाल जसेच्या तसे लागू पडतात असे मी म्हणणार नाही. मात्र ‘ग्रॅच्युइटीला कोणी हात लावू शकत नाही’ या समजावर निर्धास्त राहण्याचे दिवस संपले आहेत.

पैशांतली आणखी एक गोष्ट सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही. कंपनीने आपल्याला बदलीच्या ठिकाणीही निवास दिला असेल, तर प्राप्तिकर नियमांनुसार पहिले 90 दिवस दोन्हींपैकी कमी मूल्याच्या घराचीच सुविधा करपात्र धरली जाते. त्यानंतर दोन्ही घरांचे मूल्य आपल्या पगारात मिळवले जाते. म्हणजे कंपनीने काहीही केले नाही तरी चौथ्या महिन्यापासून जुने क्वार्टर आपल्याला करापोटी महाग पडू लागते.

वीज-पाणी तोडण्याच्या धमकीबद्दल मात्र आपण निश्चिंत राहावे, निदान कायद्याच्या दृष्टीने. परवाना संपला असला तरी प्रत्यक्ष ताब्यात असलेल्या माणसाला कायद्याच्या मार्गानेच बाहेर काढता येते. 1989 मधील कृष्णा राम महाले प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने परवानाधारकाच्याच संदर्भात हे सांगितले आहे. कुलूप तोडून बाहेर काढले, तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत केवळ ताब्याच्या मुद्द्यावर दावा लावता येतो आणि त्यात मालकी कोणाची हे पाहिलेच जात नाही. कंपन्यांच्या वतीने काम करताना मी हे वारंवार सांगत आलो आहे की जिंकत असलेले प्रकरण पाण्याचा एक नळ बंद करून बिघडवू नका. दहावीतल्या मुलीच्या घरचे पाणी तोडले, एवढे एक वाक्य अर्जात आले की न्यायाधीशांचा सूर बदलतो. सुरक्षा अधिकाऱ्याची धमकी तोंडी असल्यामुळे तिची तारीख आणि वेळ नमूद करून मनुष्यबळ विभागाला ई-मेल पाठवून ठेवा. बहुतेक वेळा एवढ्यानेच प्रकार थांबतो.

कंपनीने फौजदारी मार्ग न निवडता दिवाणी दावा लावला, तर मुंबईत तो लघुवाद न्यायालयात इलाखा लघुवाद न्यायालय अधिनियम, 1882 च्या कलम 41 खाली जातो. परवाना निःशुल्क असला तरी हेच न्यायालय तो दावा चालवते, हे 2013 मध्ये प्रभुदास कोटेचा प्रकरणात ठरले आहे.

क्वार्टर कंपनीच्या मालकीचे नसून तिने बाहेरच्या मालकाकडून घेतलेला फ्लॅट असता, तर चित्र थोडे बदलले असते. अशा वेळी कर्मचाऱ्याला वाटते की मालकाशी थेट करार करून आपण तेथेच राहू. कंपनीने फ्लॅट मालकाला रीतसर परत केल्यानंतर असा करार करायला काहीच हरकत नाही. तो लेखी आणि नोंदणीकृत असणे भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम 55 नुसार आवश्यक आहे. कंपनीचा करार चालू असताना तिच्या पाठीमागे मालकाशी संधान बांधले, तर वर सांगितलेल्या अतुल माथुर निकालाची वाट आपण स्वतःच धरतो. भरणा झालेले भांडवल 1 कोटी किंवा त्याहून अधिक असलेल्या कंपनीला भाडेकरू म्हणून या अधिनियमाचे संरक्षण नसते, त्यामुळे मालकापुढे कंपनीच उभी राहू शकत नाही, तेथे तिचा कर्मचारी कोठून राहणार?

आपल्याच प्रश्नाच्या निमित्ताने सरकारी किंवा सार्वजनिक उपक्रमातील वाचकांसाठी थोडे लिहितो, कारण त्यांचे नियम वेगळे आहेत आणि मित्राने दिलेला सल्ला तेथे हमखास चुकतो. केंद्र सरकार, रेल्वे, राष्ट्रीयीकृत बँका आणि केंद्राच्या कंपन्या यांच्या निवासांना सार्वजनिक जागांचा 1971 चा निष्कासन कायदा, म्हणजे अनधिकृत ताबेदाराला बाहेर काढण्याचा कायदा, लागू होतो. 2019 च्या दुरुस्तीने आलेल्या कलम 3ख नुसार निवासस्थानाच्या बाबतीत संपदा अधिकारी (या कायद्याखाली नेमलेला अधिकारी) अवघ्या तीन कामकाजाच्या दिवसांत कारण दाखवण्याची नोटीस देऊन निष्कासनाचा आदेश काढू शकतो, आणि त्या आदेशाला न्यायालयात आव्हान दिले तरी दर महिन्याची नुकसानभरपाई भरावी लागते. हा कायदा राज्याच्या भाडे कायद्यावर मात करतो, हे 1990 च्या अशोका मार्केटिंग निकालापासून ठरलेले आहे. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडेही या निष्कासन आदेशाविरुद्ध जाता येत नाही. या कायद्यात ज्या आदेशांवर अपील दिले आहे, ते जिल्हा न्यायाधीशांकडेच करावे लागते. त्या बदल्यात या मंडळींना मुदतीचे निश्चित नियम मिळतात. रेल्वेत कायम बदलीनंतर दोन महिने नेहमीच्या भाड्याने, आणि शिक्षण किंवा आजारपणाच्या कारणावरून आणखी सहा महिने वाढीव दराने क्वार्टर ठेवण्याची परवानगी मागता येते. महाराष्ट्र शासनाच्या निवासस्थानांसाठी 1955 चा स्वतंत्र निष्कासन कायदा आहे.

आता आपण प्रत्यक्षात काय करावे, ते सांगतो. नोटिशीला 30 दिवसांच्या आत उत्तर द्या आणि त्या उत्तरात भाडेकरूपणाचा दावा करू नका. जागा कंपनीची आहे हे मान्य करा, मुलीच्या परीक्षेचे वेळापत्रक आणि शाळेचा दाखला जोडा, परीक्षा संपल्यानंतरची एक नेमकी तारीख द्या आणि त्या तारखेला रिकामा ताबा देण्याची लेखी हमी द्या. तोपर्यंत नेहमीपेक्षा जास्त, पण आपल्याला परवडेल असे शुल्क देण्याची तयारी स्वतःहून दाखवा. बदलीविरुद्धचे आपले सर्व हक्क राखून ठेवून ही हमी देत आहोत, हे एक वाक्य त्यात अवश्य घाला. अन्यथा बदली आपण मुकाट्याने स्वीकारली असा अर्थ नंतर काढला जातो. कंपनीने हे फेटाळले आणि तक्रार दाखल केली, तर हेच पत्र दंडाधिकाऱ्यांसमोर आपला सर्वांत मोलाचा कागद ठरते. ताबा परत करण्याचा आदेश देताना मुदत न्यायालयाने ठरवायची असते, आणि जागेवर खोटा हक्क न सांगता परीक्षेपुरता वेळ मागणाऱ्या माणसाला तो नाकारला गेल्याचे मी क्वचितच पाहिले आहे. याउलट, पाच पानी उत्तर लिहून भाडे कायदा, मूलभूत हक्क आणि व्यवस्थापनाचा भ्रष्टाचार हे सगळे एकत्र आणणाऱ्यांना पंधरा दिवससुद्धा मिळाले नाहीत, असेही पाहिले आहे.

बदलीविरुद्धची तक्रार करायची असेल तर ती वेगळी करा आणि तिच्यात क्वार्टरचा उल्लेख एका परिच्छेदापेक्षा जास्त नको. कुटुंबाला मुद्दाम त्रास देण्यासाठी शैक्षणिक वर्षाच्या मधोमध बदली केली, एवढा दुवा त्यासाठी पुरे.

शेवटी ताबा देण्याच्या दिवसाबद्दल. माझ्या एका अशिलाने क्वार्टर रिकामे करून किल्ली वसाहतीच्या फाटकावरच्या रखवालदाराकडे दिली आणि गाडीत बसून तो निघून गेला. रखवालदाराची नोकरी पुढच्याच महिन्यात सुटली, किल्लीची नोंद कोठेच सापडली नाही आणि कंपनीच्या हिशेबात तो पुढे दीड वर्ष त्या घरात राहत होता. ती रक्कम कमी करून घेण्यासाठी आम्हाला वीज मंडळाची शून्य वापराची देयके, दूध बंद केल्याची वही आणि सामान वाहून नेणाऱ्या ट्रकची पावती पुरावा म्हणून द्यावी लागली. तेव्हा ताबा देण्याची तारीख आधी ई-मेलने कळवा, संपदा विभागाच्या अधिकाऱ्यासमोर पंखे, नळ, दारे आणि मीटरच्या आकड्यांची यादी करा, रिकाम्या खोल्यांची छायाचित्रे काढा आणि तारखेसह ताबा पावती घ्या. अधिकारी पावती द्यायला टाळाटाळ करत असेल, तर किल्ली स्पीड पोस्टने कंपनीच्या नोंदणीकृत कार्यालयाच्या पत्त्यावर पाठवा आणि पोचपावती जपून ठेवा. दंडाच्या भाड्याचा हिशेब त्या पोचपावतीवरच्या तारखेला थांबतो.